नाव यादीतच होते : रॉबर्ट केपेल यांची कारकीर्द आणि मालिका हत्यांच्या तपासातील माहितीचा प्रश्न

प्रस्तावना

रहस्यकथेतील गुप्तहेर आणि पोलीस दलातील प्रत्यक्ष तपास अधिकारी यांच्या कामात एक मूलभूत भेद आढळतो. कथेतील गुप्तहेरापुढे मोजके संशयित आणि मोजकेच धागेदोरे असतात. बुद्धीच्या बळावर तो त्यांची सांगड घालतो आणि शेवटच्या प्रकरणात गुन्हेगाराचे नाव जाहीर करतो. प्रत्यक्ष अधिकाऱ्याची अडचण बरेचदा नेमकी उलटी असते. एकाच व्यक्तीने ठिकठिकाणी, महिनोन्महिने केलेल्या हत्यांच्या प्रकरणात खबरी, निनावी पत्रे, वाहनांचे क्रमांक, जुन्या गुन्हेगारांच्या नोंदी यांचा एवढा ढीग साचतो की, गुन्हेगाराचे नाव त्या ढिगात असूनही कोणाच्या नजरेस पडत नाही. नाव कागदावर येणे आणि ते ओळखले जाणे यांमध्ये जो काळ जातो, त्या काळात आणखी माणसे मारली जातात. मालिका हत्यांच्या तपासाचा प्रश्न या अर्थाने माहितीच्या व्यवस्थापनाचा प्रश्न होय.

अमेरिकेतील निवृत्त अन्वेषक रॉबर्ट केपेल (१९४४–२०२१) यांची कारकीर्द या प्रश्नाभोवती फिरत राहिली. टेड बंडी आणि 'ग्रीन रिव्हर' या विसाव्या शतकातील दोन कुप्रसिद्ध हत्यामालिकांशी त्यांचा जवळचा संबंध आला. पुढे त्यांनी याच विषयात पीएच.डी. मिळवली आणि विद्यापीठात अध्यापन केले. लोकप्रिय पुस्तकांतून आणि चित्रपटांतून त्यांची जी प्रतिमा उभी राहिली ती 'खुन्यांशी संवाद साधणारा अधिकारी' अशी आहे. ही प्रतिमा खोटी नव्हे. मात्र त्यांच्या कार्याचा अधिक टिकाऊ भाग तुरुंगातील मुलाखतींपेक्षा याद्यांमध्ये, तक्त्यांमध्ये आणि कचेरीतील कंटाळवाण्या नोंदींमध्ये सापडतो. प्रस्तुत लेखात त्या भागाचा मुख्यतः विचार केला आहे.

समामिश सरोवर आणि सव्वीस नावे

अमेरिकेच्या वायव्य टोकाला, पॅसिफिक किनाऱ्यावर वॉशिंग्टन नावाचे राज्य आहे. सिएटल हे त्यातील सर्वांत मोठे शहर, आणि ते ज्या जिल्ह्यात येते तो किंग काउंटी. सन १९७४च्या आरंभापासून या राज्यात आणि शेजारच्या ऑरेगन राज्यात महाविद्यालयीन वयाच्या तरुणी बेपत्ता होऊ लागल्या. जवळजवळ दर महिन्याला एक, असा हा क्रम होता. प्रत्येक घटना वेगळ्या गावात घडली असल्याने प्रत्येकीची चौकशी वेगळ्या पोलीस ठाण्याकडे होती, आणि कोणत्याही एका ठाण्याच्या दृष्टीने ते बेपत्ता व्यक्तीचे एकच सुटे प्रकरण होते.

दि. १४ जुलै १९७४ रोजी, रविवारी, सिएटलच्या पूर्वेस असलेल्या समामिश सरोवराच्या काठावरील उद्यानात हजारो लोकांची गर्दी होती. भर दुपारी, काही तासांच्या अंतराने, त्या गर्दीतून दोन तरुणी नाहीशा झाल्या. या वेळी मात्र साक्षीदार होते. डावा हात झोळीत अडकवलेला एक देखणा तरुण मुलींना गाठून, शिडाची नाव मोटारीवर चढवायला मदत करा, अशी विनंती करत होता. तो आपले नाव 'टेड' असे सांगत होता. एक तरुणी त्याच्याबरोबर मोटारीपर्यंत गेली. तेथे नाव नाही हे पाहून ती परतली, आणि म्हणून वाचली. मोटार फोक्सवॅगन 'बीटल' होती. या प्रकरणाची जबाबदारी किंग काउंटीच्या पोलीस दलाकडे आली. ज्या अधिकाऱ्यांकडे ती सोपवली गेली त्यांत तिशीतील रॉबर्ट केपेल होते. हत्येच्या तपासाचा त्यांना तेव्हा फारच थोडा अनुभव होता.

संशयिताचे रेखाचित्र आणि मोटारीचे वर्णन वृत्तपत्रांत प्रसिद्ध होताच कचेरीत दिवसाला दोनशेपर्यंत खबरी येऊ लागल्या. या खबरींमध्ये एक नाव चार वेगवेगळ्या व्यक्तींनी कळवले होते. त्यात त्या तरुणाची प्रेयसी होती, विद्यापीठातील एक प्राध्यापक होता, त्याच्याबरोबर नोकरी केलेली एक व्यक्ती होती, आणि संकटग्रस्तांसाठीच्या दूरध्वनी केंद्रात त्याच्यासोबत रात्रपाळी केलेल्या लेखिका ॲन रूल होत्या. चौघांनी कळवलेले ते नाव टेड बंडी. तथापि कायद्याचा अभ्यास करणारा, नीटनेटका, प्रौढपणी एकही गुन्हा नोंदवलेला नसलेला हा तरुण मारेकरी असण्याची शक्यता अधिकाऱ्यांना कमी वाटली. प्रेयसीने नोव्हेंबर १९७४ मध्ये पुन्हा संपर्क साधला. तेव्हा संशय वाढला. परंतु सरोवरावरील सर्वांत भरवशाच्या साक्षीदाराला छायाचित्रांतून तो ओळखता आला नाही. दरम्यान बंडी कायद्याच्या शिक्षणासाठी यूटा राज्यात गेला होता आणि तेथे तरुणींच्या हत्या सुरू झाल्या होत्या.

येथे अधिकाऱ्यांना दोष देणे सोपे आहे, पण ते न्याय्य ठरणार नाही. शेकडो नावांपैकी एका नावाला चौघांचा दुजोरा आहे, हे आज एका वाक्यात मांडता येते. त्या काळी ही चार माणसे चार वेगळ्या दिवशी, चार वेगळ्या अधिकाऱ्यांशी बोलली असण्याचीच शक्यता अधिक. कागद एकमेकांना ओळखत नाहीत. त्यांची ओळख करून देणारी यंत्रणा उभारावी लागते.

सप्टेंबर १९७४ मध्ये इसाक्वा गावाजवळ, उद्यानापासून थोड्याच अंतरावर, सरोवरावरून नाहीशा झालेल्या तरुणींचे अवशेष सापडले. मार्च १९७५ मध्ये टेलर माउंटन या जंगलव्याप्त टेकडीवर आधीच्या महिन्यांत बेपत्ता झालेल्या तरुणींच्या कवट्या मिळाल्या. वेगवेगळ्या गावांची सुटी प्रकरणे त्या दिवशी एक झाली. पण गुन्हेगाराकडे नेणारा भौतिक पुरावा जवळजवळ काहीच नव्हता. हाती होत्या त्या केवळ याद्या.

केपेल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तेव्हा जे केले ते त्या काळाच्या मानाने विलक्षण होते. प्रत्येक मृत तरुणीच्या परिचितांची यादी, सहाध्यायांची यादी, फोक्सवॅगन मोटारींच्या मालकांची यादी, 'टेड' नावाच्या व्यक्तींची यादी, लैंगिक गुन्ह्यांत पूर्वी सापडलेल्यांची यादी, अशा अनेक याद्या त्यांनी जमवल्या. किंग काउंटीच्या प्रशासनाकडे कर्मचाऱ्यांचे पगार काढण्यासाठी एक अवाढव्य संगणक होता. आजच्या तुलनेत तो अगदीच प्राथमिक म्हणावा लागेल, परंतु उपलब्ध होता तो एवढाच. या याद्या त्यात भरून एकच प्रश्न विचारला गेला : एकापेक्षा अधिक याद्यांत कोणाची नावे येतात? हजारो नावांतून चार याद्यांत येणारी सव्वीस नावे निघाली. त्यांपैकी एक टेड बंडीचे होते. याच्या जोडीला अधिकाऱ्यांनी हाताने शंभर 'उत्तम' संशयितांची निवड केली होती; त्यातही तो होता.

या पद्धतीमागील तर्क कोणत्याही संख्याशास्त्राच्या प्राध्यापकाला परिचित वाटेल. एकट्या यादीला फारसे मूल्य नसते. फोक्सवॅगनचे मालक हजारो असतात आणि त्यांतील जवळजवळ सर्व निरपराध असतात. परंतु परस्परांशी संबंध नसलेल्या चार निकषांवर एकच व्यक्ती उतरणे हे योगायोगाने क्वचितच घडते. संचांच्या छेदाची ही साधी कल्पना शाळेतही शिकवली जाते. नावीन्य होते ते पगारपत्रके काढणाऱ्या यंत्राकडे हत्येच्या तपासाचे साधन म्हणून पाहण्यात.

तरीही एक गोष्ट नोंदवणे आवश्यक आहे. बंडीला पकडले ते या यादीने नव्हे. दि. १६ ऑगस्ट १९७५ रोजी पहाटे यूटामधील महामार्ग पोलिसांच्या एका अधिकाऱ्याने, गस्तीची गाडी पाहताच निसटू पाहणारी एक फोक्सवॅगन अडवली. आत मुखवटा, पहार, बेड्या अशा वस्तू मिळाल्या. तेथील अन्वेषक जेरी थॉम्पसन यांनी त्या प्रसंगाचा संबंध आदल्या वर्षीच्या एका अपहरणाशी जोडला. ही बातमी सिएटलला पोचली तेव्हा बंडीचे नाव तपासायच्या कागदांच्या ढिगाऱ्यात सर्वांत वर आलेले होते. यादी बरोबर होती, पण उशिरा तयार झाली होती.

सीमा न ओलांडणारी माहिती

नोव्हेंबर १९७५ मध्ये कोलोरॅडो राज्यातील ॲस्पेन येथे पाच राज्यांतील सुमारे तीस अन्वेषक आणि सरकारी वकील एकत्र बसले. केपेल, थॉम्पसन आणि कोलोरॅडोचे मायकेल फिशर हे त्यातील प्रमुख होते. मारेकरी हाच, असे बहुतेकांचे मत झाले. मात्र हत्येचा आरोप ठेवण्यास पुरावा अपुरा होता. अपहरणाच्या गुन्ह्यात मार्च १९७६ मध्ये बंडी दोषी ठरला. पुढे कोलोरॅडोत खटला चालू असताना १९७७च्या जून महिन्यात तो न्यायालयाच्या ग्रंथालयाच्या खिडकीतून उडी मारून पळाला आणि पुन्हा पकडला गेला. त्याच वर्षीच्या ३० डिसेंबरला तो कारागृहातून दुसऱ्यांदा निसटला. जानेवारी १९७८ मध्ये फ्लोरिडातील टॅलाहसी येथे विद्यार्थिनींच्या वसतिगृहात त्याने दोघींची हत्या केली, आणि पुढच्या महिन्यात बारा वर्षांच्या एका मुलीची. या तिन्ही हत्या त्याचे नाव पोलिसांना पुरेपूर ठाऊक झाल्यानंतरच्या आहेत.

अभ्यासक स्टीव्हन एगर यांनी १९८४ मध्ये या प्रकारच्या अपयशाला एक नाव दिले. त्याचा आशय 'दुव्यांविषयीचे अंधत्व' असा सांगता येईल : एका ठाण्याला माहीत असलेली गोष्ट शेजारच्या ठाण्याला माहीत नसणे, आणि माहीत करून घेण्याची वाटही नसणे. अमेरिकेत हजारो स्वतंत्र पोलीस दले असल्यामुळे हा दोष तेथे विशेष तीव्र होता. पण तो केवळ अमेरिकेचा नव्हता. इंग्लंडमध्ये तेरा स्त्रियांची हत्या करणाऱ्या पीटर सटक्लिफची पोलिसांनी तब्बल नऊ वेळा चौकशी केली होती. या चौकशांच्या नोंदी लाखो कार्डांच्या सूचीत विखुरलेल्या राहिल्या. जानेवारी १९८१ मध्ये तो सापडला तो मोटारीवरील खोट्या क्रमांकपाटीमुळे. त्या प्रकरणाच्या चौकशीनंतर ब्रिटनमध्ये मोठ्या तपासांसाठी जी संगणक प्रणाली आणली गेली, तिचे नाव आद्याक्षरांवरून 'होम्स' पडेल अशी योजना केली होती. कार्डांच्या सूचीला पर्याय म्हणून आलेल्या यंत्राला शेरलॉक होम्सचे नाव द्यावे, यातील विनोद कोणाच्या लक्षात आला होता की नाही, कोण जाणे.

ग्रीन रिव्हर : त्याच चुकीची पुनरावृत्ती

केपेल १९८२ मध्ये वॉशिंग्टन राज्याच्या महान्यायवादींच्या कार्यालयात प्रमुख गुन्हे अन्वेषक म्हणून रुजू झाले. त्याच वर्षीच्या जुलैपासून सिएटलच्या दक्षिणेकडील ग्रीन रिव्हर नदीत आणि नंतर तिच्या आसपासच्या रानात तरुणींचे मृतदेह सापडू लागले. त्यांतील अनेक जणी देहविक्रय करणाऱ्या वा घर सोडून रस्त्यावर आलेल्या मुली होत्या. त्यांच्या नाहीशा होण्याची तक्रारच उशिरा होई, कधी होतही नसे. समामिश सरोवरावर गर्दीने पाहिलेला 'टेड' होता. येथे कोणी काही पाहिले नव्हते, आणि ज्यांनी पाहिले होते त्यांना पोलिसांकडे जाण्याची भीती होती. अशा वेळी याद्या बनवायच्या तरी कशाच्या, हा प्रश्न होता. मृत व्यक्तीविषयी समाजाने ठेवलेली माहितीच अपुरी असेल, तर तपासाच्या कुशल पद्धतीही लंगड्या पडतात.

विशेष तपास पथकाला केपेल सल्ला देत असताना, ऑक्टोबर १९८४ मध्ये फ्लोरिडाच्या तुरुंगातून एक पत्र आले. मृत्युदंडाची वाट पाहणाऱ्या बंडीने या अज्ञात मारेकऱ्याविषयी मार्गदर्शन करण्याची तयारी दर्शवली होती. त्याने त्याला 'नदीवाला' अशा अर्थाचे नाव दिले होते. पुढच्या महिन्यात केपेल आणि पथकातील तरुण अन्वेषक डेव्ह रायकर्ट त्याला भेटायला गेले. हा माणूस प्रेतांजवळ परत जात असणार. एखादे ताजे प्रेत सापडले तर ते जाहीर न करता तेथे पाळत ठेवा, असा सल्ला बंडीने दिला.

या भेटींविषयी फार लिहिले गेले आहे. केपेल यांनी स्वतः १९९५ मध्ये विल्यम बर्न्स यांच्या सहकार्याने त्यांवर पुस्तक लिहिले, आणि २००४ मध्ये त्यावर दूरचित्रवाणीपट निघाला. परंतु या भेटींमुळे ग्रीन रिव्हरचा मारेकरी सापडला नाही, हे विसरता कामा नये. त्यांतून जे हाती आले ते बंडीचेच मन होते. दुसऱ्याविषयी बोलताना तो आपल्या सवयी सांगत होता, आणि केपेल त्याला अडवत नव्हते. चौकशीचे हे कौशल्य म्हणायचे, की खुन्याला हवे असलेले व्यासपीठ त्याला मिळवून देणे म्हणायचे? दोन्ही म्हणता येईल, आणि बहुधा दोन्ही खरे आहे. बंडीला मृत्युदंड लांबवायचा होता. त्याला केपेल यांची गरज होती तेवढीच केपेल यांना त्याची.

ग्रीन रिव्हरचा मारेकरी गॅरी रिजवे याचे नाव पोलिसांना कधी कळले, हा प्रश्न प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने अधिक महत्त्वाचा आहे. ट्रक रंगवण्याचे काम करणाऱ्या रिजवेशी अन्वेषक १९८३ मध्येच बोलले होते. १९८४ मध्ये तो पॉलिग्राफ चाचणी उत्तीर्ण झाला आणि संशयाच्या क्रमवारीत खाली घसरला. १९८७ मध्ये न्यायालयाच्या आदेशाने त्याच्या लाळेचा नमुना घेण्यात आला. तो नमुना जपून ठेवला गेला, हे त्या पथकाचे मोठेच श्रेय होय. कारण त्या वेळी त्यातून काही निष्पन्न करण्याचे तंत्र उपलब्ध नव्हते. डीएनए चाचणीचे तंत्र पुरेसे प्रगत झाल्यावर २००१ मध्ये तो नमुना मृतदेहांवरील अंशांशी जुळला. दि. ३० नोव्हेंबर २००१ रोजी रिजवेला अटक झाली. नोव्हेंबर २००३ मध्ये त्याने ४८ हत्यांची आणि २०११ मध्ये आणखी एका हत्येची कबुली दिली. मृतदेहांकडे परत जाण्याविषयीचा बंडीचा अंदाज त्याच्या कबुलीने खरा ठरला. रायकर्ट तोपर्यंत किंग काउंटीचे शेरीफ झाले होते. नाव कळणे आणि अटक होणे यांमध्ये अठरा वर्षे गेली.

वेळ, अंतर आणि पाच जागा

बंडीच्या प्रकरणातून घेतलेला धडा केपेल यांनी १९८०च्या दशकात संस्थात्मक स्वरूपात मांडला. मालिका हत्यांच्या माहितीची राष्ट्रीय नोंद असावी ही कल्पना लॉस एंजलिसचे अन्वेषक पियर्स ब्रुक्स यांची. १९५०च्या दशकात सारखे गुन्हे शोधण्यासाठी ते ग्रंथालयात बसून वृत्तपत्रांचे जुने अंक चाळत असत. १९८५ मध्ये एफबीआयमध्ये त्यांच्या कल्पनेवर आधारित कार्यक्रम सुरू झाला. पण त्याचा अर्ज १८९ प्रश्नांचा होता, आणि कामाच्या ओझ्याखाली दबलेल्या स्थानिक पोलिसांना तो भरायचा कंटाळा येई. शासकीय माहिती मागवणारे लांबलचक तक्ते भरण्याचा अनुभव ज्यांना आहे, त्यांना याचे आश्चर्य वाटणार नाही. वॉशिंग्टन राज्यात केपेल यांनी 'हिट्स' या नावाने ओळखली जाणारी हत्या-तपासाची नोंद प्रणाली उभारली. तेथे अनुभवी अन्वेषकच कर्मचारी म्हणून नेमले गेले. ते ठाण्यांशी संपर्क ठेवून माहिती मिळवत, आणि मागणाऱ्याला तुलनात्मक माहिती पुरवत. माहिती देणाऱ्याला बदल्यात काहीतरी परत मिळाले पाहिजे, हे या प्रणालीचे व्यावहारिक सूत्र होते, आणि तिच्या यशाचे कारणही बहुधा हेच.

या प्रणालीची पायाभरणी १९८१ ते १९८६ या काळातील राज्यातील हत्यांच्या अभ्यासातून झाली. वॉशिंग्टन विद्यापीठातील समाजशास्त्रज्ञ जोसेफ वाइस यांच्यासमवेत केपेल यांनी तो केला. हत्येच्या प्रत्येक प्रकरणात पाच जागा आणि पाच वेळा असतात, असे त्यांनी मांडले : मृत व्यक्ती शेवटची दिसली ती जागा, मारेकऱ्याशी तिची गाठ पडली ती जागा, पहिला हल्ला झाला ती जागा, प्रत्यक्ष हत्या झाली ती जागा, आणि मृतदेह सापडला ती जागा. घरगुती भांडणातून होणाऱ्या हत्येत या पाचही जागा बहुधा एकाच खोलीत असतात, आणि म्हणून असे गुन्हे लवकर उलगडतात. बंडीसारखा मारेकरी त्या एकमेकींपासून शक्य तितक्या दूर नेतो. सरोवर, मोटार, रान असे तुकडे पडतात. प्रत्येक तुकड्याबरोबर साक्षीदार आणि भौतिक पुरावा विभागला जातो. अभ्यासातून दिसून आले की, यांपैकी जितक्या जागा आणि वेळा पोलिसांना ठाऊक असतात, आणि त्यांच्यातील अंतर जितके कमी असते, तितकी प्रकरण सुटण्याची शक्यता वाढते.

वरकरणी हा निष्कर्ष सामान्यज्ञानाचा वाटेल. परंतु त्याने तपासाचा अग्रक्रम बदलतो. मारेकरी कोण असेल, त्याचे बालपण कसे गेले असेल, यांसारख्या मानसशास्त्रीय प्रश्नांआधी ती शेवटची कुठे दिसली आणि किती वाजता, हे ठरवण्यावर मनुष्यबळ खर्च केले पाहिजे, असे तो सांगतो. ४८ वर्षांचे असताना, १९९२ मध्ये, केपेल यांनी वॉशिंग्टन विद्यापीठाची पीएच.डी. मिळवली. सेवेत असतानाच आपल्या अनुभवाची संख्याशास्त्रीय परीक्षा घेण्याचा हा प्रयत्न होता. पोलीस दलांत तो क्वचितच आढळतो.

या दिशेतील सर्वांत परिणामकारक काम अपहरण करून मारल्या गेलेल्या बालकांविषयीचे होय. राज्यभरातील नव्हे, तर देशभरातील सहाशेंहून अधिक प्रकरणांचा अभ्यास १९९७ मध्ये महान्यायवादी कार्यालयाने प्रसिद्ध केला. केपेल त्याच्या कर्त्यांपैकी एक होते. अपहरण झालेल्या आणि नंतर मारल्या गेलेल्या बालकांपैकी सुमारे तीनचतुर्थांश बालकांचा मृत्यू पहिल्या तीन तासांत होतो, असे त्यात आढळले. याउलट मूल हरवल्याचे लक्षात येणे आणि पोलिसांना कळवणे यांमध्ये बहुसंख्य प्रकरणांत दोन तासांहून अधिक काळ जात होता. आईवडील आधी शेजारीपाजारी शोधतात, नातेवाइकांना विचारतात. हे स्वाभाविकच आहे. या अभ्यासाने त्या स्वाभाविक वागण्याची किंमत तासांच्या हिशेबात मांडली.

'स्वाक्षरी'ची मर्यादा

केपेल यांच्या सर्वच मांडणीला सारखे वजन देता येत नाही. गुन्ह्याची पद्धत आणि गुन्हेगाराची 'स्वाक्षरी' यांत ते भेद करीत. पद्धत म्हणजे गुन्हा यशस्वी व्हावा यासाठी केलेली कृती; ती अनुभवाने बदलते. स्वाक्षरी म्हणजे गुन्ह्यासाठी अनावश्यक, पण गुन्हेगाराच्या मनोवासनेसाठी आवश्यक अशी कृती, उदा. मृतदेह विशिष्ट रीतीने मांडून ठेवणे. ती टिकून राहते. १९९० मध्ये सिएटलच्या उपनगरांत झालेल्या तीन हत्यांच्या खटल्यात त्यांनी या आधारावर साक्ष दिली. मृतदेह असे मांडून ठेवण्याचा प्रकार राज्याच्या नोंदींत किती दुर्मिळ आहे हे त्यांनी 'हिट्स'मधून दाखवले. जॉर्ज रसेल या आरोपीला तिन्ही हत्यांबद्दल शिक्षा झाली आणि राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये ती कायम ठेवली.

परंतु सन २००० मध्ये न्यू जर्सी राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने दुसऱ्या एका तज्ज्ञाच्या अशाच स्वरूपाच्या साक्षीला शास्त्रीय पुराव्याचा दर्जा देण्यास नकार दिला. या दोन निर्णयांतील फरक समजण्यासारखा आहे. एखादी गोष्ट अमुक हजार प्रकरणांत अमुक वेळा घडली, हे विधान तपासून पाहता येते. एकच मन या दोन्ही कृतींमागे आहे, हे विधान अनुभवी माणसाचे मत असते. केपेल यांच्या लेखनात ही दोन विधाने कधी कधी एकमेकांत मिसळतात. २००५ मध्ये त्यांनी सहकाऱ्यांसह लंडनमधील 'जॅक द रिपर'च्या काळातील अकरा हत्यांची वॉशिंग्टन राज्यातील आधुनिक नोंदींशी तुलना केली आणि त्यांतील सहा एकाच व्यक्तीच्या असल्याचे अनुमान काढले. शतकापूर्वीच्या व्हाइटचॅपलला विसाव्या शतकातील सिएटलच्या मापाने मोजणे कितपत योग्य, हा प्रश्न त्या शोधनिबंधाने पुरेसा विचारात घेतलेला नाही.

महान्यायवादी कार्यालयातून १९९९ मध्ये निवृत्त झाल्यावर केपेल यांनी टेक्सासमधील सॅम ह्यूस्टन राज्य विद्यापीठात आणि नंतर सिएटल विद्यापीठात अध्यापन केले. मालिका हत्यांच्या तपासामागील मानसिकतेवर २००३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या पुस्तकाचा विषय मारेकऱ्यांइतकाच अन्वेषकांचे मन हाही आहे : मालिका चालू आहे हे मान्य करण्याची वरिष्ठांची नाराजी, प्रसारमाध्यमांची घाई, आणि वर्षानुवर्षे अपयश पाहणाऱ्या पथकाची झीज.

त्यांच्या कारकिर्दीतील एक प्रसंग येथे कालक्रम सोडून शेवटी घेतला आहे. जानेवारी १९८९ मध्ये बंडीच्या मृत्युदंडाचा दिवस ठरला. हाडांच्या बदल्यात वेळ, असा सौदा करण्याचा त्याचा प्रयत्न होता, तो फसला. शेवटच्या दिवसांत तो अनेक राज्यांच्या अधिकाऱ्यांशी बोलला, त्यांत केपेल होते. त्यांना मिळालेला अवधी थोडा होता आणि पंधरा वर्षांचे प्रश्न होते. वॉशिंग्टन आणि ऑरेगन या राज्यांतील ज्या आठ हत्यांचा संशय त्याच्यावर होता, त्या सर्व त्याने केपेल यांच्यापाशी कबूल केल्या. याखेरीज वॉशिंग्टनमध्ये आणखी तिघींना आणि ऑरेगनमध्ये आणखी दोघींना मारल्याचे त्याने सांगितले. त्यांची नावे केपेल यांनी विचारली. ती त्याने सांगितली नाहीत. कदाचित त्याला ती कधीच माहीत नव्हती. दि. २४ जानेवारी १९८९ रोजी सकाळी त्याला मृत्युदंड देण्यात आला, आणि केपेल यांच्या टिपणांत त्या पाच जागा कोऱ्या राहिल्या.